भग्न वस्तूंचे नगर

१९४७ साली देशाची फाळणी झाली आणि लक्षावधी कुटुंबे घरदार सोडून भारतात आली. त्यांतच नेकचंद सैनी हे पंजाबी शेतकऱ्याचे पुत्र होते. त्यांचे गाव सीमेपलीकडे राहिले. पुढे चंडीगड येथे सार्वजनिक बांधकाम खात्यात रस्त्यांच्या कामावर देखरेख करण्याची नोकरी त्यांना मिळाली.

चंडीगड ही पंजाबची नवी राजधानी. ल कॉर्ब्युझिए या विख्यात वास्तुशिल्पकाराच्या आराखड्याप्रमाणे तिची उभारणी चालू होती. त्यासाठी अनेक जुनी गावे उठविण्यात आली. मोडलेल्या घरांची खापरे, फुटक्या बश्या, बांगड्यांचे तुकडे आणि सायकलींचे सांगाडे यांचे ढीग जागोजागी पडले होते. लोकांच्या लेखी तो केरकचरा होता. परंतु गाव गमावलेल्या नेकचंदांना त्यात निराळेच काही दिसले.

सुखना तलावाजवळच्या राखीव जंगलात बांधकामास सक्त मनाई होती. १९५८ च्या सुमारास नेकचंदांनी तेथेच गुपचूप थोडी जागा साफ केली. दिवसा नोकरी करावी आणि काम सुटल्यावर सायकलीवरून दगड व मोडके सामान वाहून आणावे, असा त्यांचा क्रम सुरू झाला. रात्री जुने टायर पेटवून त्या उजेडात ते मूर्ती घडवीत. सांगाड्यावर सिमेंट चढवावे आणि ते ओले असतानाच त्यात काचा बसवाव्या, अशी त्यांची रीत होती. अशा रीतीने माणसे, पशू व पक्षी यांचे थवेच्या थवे उभे राहिले. ही गोष्ट उघडकीस आली असती, तर नोकरी जाण्याचे भय होते. तरीही हा उद्योग सुमारे अठरा वर्षे अखंड चालला.

१९७५ साली सरकारी अधिकाऱ्यांना त्याचा सुगावा लागला. नियमाप्रमाणे सारे पाडून टाकणे प्राप्त होते. पण तो अद्भुत देखावा पाहण्यास लोकांची रीघ लागली. अखेर १९७६ साली ती जागा सर्वांसाठी खुली झाली. नेकचंदांना त्याच कामावर नेमण्यात आले आणि मदतीस पन्नास मजूर देण्यात आले. १९८४ साली त्यांना पद्मश्री मिळाली. २०१५ साली ते निवर्तले.

हे स्थळ आज रॉक गार्डन या नावाने प्रसिद्ध आहे. जी गावे नकाशावरून पुसली गेली, त्यांतील बांगड्या तेथील मूर्तींच्या अंगावर उन्हात चमकत असतात.

स्वाध्याय
१. नेकचंदांनी आपले काम गुप्त का ठेवले?
२. तुम्ही अधिकारी असता तर कोणता निर्णय दिला असता? सकारण लिहा.