पॅराफिन आणि त्याचे आडनावबंधू

आपल्याकडे "कुलकर्णी येऊन गेले" एवढ्यावर कोणाचे समाधान होत नाही. कुठले कुलकर्णी, नाशिकचे की मिरजेचे, बँकेतले की शाळेतले, हे कळल्याशिवाय पुढचे बोलणेच होत नाही. पॅराफिन या शब्दाचे अगदी तसेच आहे. ते आडनाव आहे, पाळण्यातले नाव नव्हे. आणि इथे ग्लासगोत हे आडनाव औषधाच्या दुकानात, हार्डवेअरच्या दुकानात, मुलांच्या रसायनशास्त्राच्या वहीत आणि मेणबत्तीच्या खोक्यावर असे चारही ठिकाणी भेटते.

त्यातून घरोघर काय होते ते बहुतेकांना ठाऊक असेल. भारतातून सहा महिन्यांसाठी आलेल्या आजी नातवाच्या एक्झिमाच्या क्रीमवरचा मजकूर चष्मा लावून वाचतात. त्यावर लिहिलेले असते व्हाइट सॉफ्ट पॅराफिन, लाइट लिक्विड पॅराफिन. शेजारचे स्कॉटिश आजोबा कंदिलात पॅराफिन घालतात हे त्यांनी पाहिलेले असते, आणि त्या पॅराफिनला तर सरळ रॉकेलचा वास येतो. "अगं, बाळाला रॉकेल फासता की काय?" सून म्हणते, "डॉक्टरांनी लिहून दिले आहे, काही होत नाही." या वादात आजींचे रसायनशास्त्र चुकले असले तरी त्यांची शंका अगदीच टाकाऊ नाही, आणि सुनेचे "काही होत नाही" हे शंभर टक्के खरे नाही. ते कसे, हे सांगण्यासाठी हा लेख.

आधी थोडे शास्त्र. कार्बनचे अणू एकमेकांचे हात धरून साखळी करतात आणि उरलेल्या प्रत्येक हाताला हायड्रोजन लटकतो. साखळीत कुठेही दुहेरी बंध नाही, कुठेही हात मोकळा नाही. कार्बन जितके, त्याच्या दुपटीहून दोन जास्त हायड्रोजन. या साऱ्या कुटुंबाला जुन्या पुस्तकांत पॅराफिन म्हणत. आज आपल्या मुलांच्या शाळेत त्यालाच अल्केन म्हणतात. साखळी किती लांब, यावर स्वभाव ठरतो. तीन-चार कार्बनची साखळी म्हणजे प्रोपेन आणि ब्यूटेन, आपल्या सिलिंडरमधला गॅस. साधारण दहा ते सोळा कार्बनची साखळी पातळ द्रव असते, आणि रॉकेलमध्ये मुख्यतः हीच मंडळी असतात, जोडीला काही परके पाहुणे. त्याहून लांब साखळ्यांचे जाडसर, तेलकट द्रव म्हणजे लिक्विड पॅराफिन. आणखी पुढे गेले की घट्ट मेण. द्रव आणि मेण यांच्या अधलेमधले, बोटाने उचलता येणारे, ते सॉफ्ट पॅराफिन, म्हणजेच आपले व्हॅसलीन. औषधी प्रतीच्या पॅराफिनमधून परके पाहुणे काळजीपूर्वक काढून टाकलेले असतात, म्हणून त्याला वासही नसतो. आजींच्या प्रश्नाचे पहिले उत्तर असे, की क्रीममध्ये रॉकेल नाही, रॉकेलचे चुलतभाऊ आहेत.

पॅराफिन हे नाव दिले कार्ल फॉन रायशेनबाख या जर्मन रसायनज्ञाने, १८३० मध्ये. लाकडाच्या डांबरातून त्याला एक मेण मिळाले. ते आम्लाला दाद देईना, अल्कलीला दाद देईना. तेव्हा त्याने लॅटिनमधले 'पारुम' म्हणजे थोडे आणि 'अफिनिस' म्हणजे नात्यातला, सोयरा, असे दोन शब्द जोडले. थोडक्यात, कोणाशी फारशी सोयरीक न करणारा. नाव फार नेमके आहे. पॅराफिन तुपासारखे खवट होत नाही, पोटात पचत नाही, कातडीतून सहसा आत शिरत नाही. औषधात त्याचा उपयोग होतो तो या अलिप्तपणामुळेच. सोयरीक फक्त एकाशीच घट्ट, आणि तीही उष्णता मिळाली तरच, ती म्हणजे हवेतल्या ऑक्सिजनशी. तिचेच नाव आग.

हा शब्द दुकानदाराच्या तोंडी आणला तो मात्र आपल्या ग्लासगोकराने. जेम्स यंग १८११ साली इथल्या ड्रायगेट भागात एका सुताराच्या घरी जन्मला. दिवसा वडिलांच्या हाताखाली काम आणि संध्याकाळी अँडरसन संस्थेत शिक्षण, असा त्याचा क्रम होता. ही संस्था म्हणजे आजच्या स्ट्रॅथक्लाइड विद्यापीठाचे मूळ. तिथे त्याला थॉमस ग्रॅहम हे गुरू लाभले आणि डेव्हिड लिव्हिंगस्टन हा जन्माचा मित्र मिळाला. (लिव्हिंगस्टन म्हणजे तोच आफ्रिकेचा. १८६४ मध्ये तो छोट्या आगबोटीतून मुंबईलाही येऊन गेला.) दगडी कोळसा मंद आचेवर तापवून तेल आणि मेण काढण्याचे पेटंट यंगने १७ ऑक्टोबर १८५० रोजी घेतले, आणि पुढच्याच वर्षी बाथगेटला कारखाना सुरू केला. दिव्यात जाळायच्या तेलाला त्याने पॅराफिन ऑइल म्हटले. लोकांनी त्यातले 'ऑइल' गाळले आणि त्यालाच 'पॅराफिन यंग' म्हणू लागले. पुढे गुरूचा पुतळा जॉर्ज स्क्वेअरसाठी त्यानेच दिला. कोळसा संपत आल्यावर हा उद्योग तेलयुक्त शेलकडे वळला आणि १९६२ पर्यंत चालला. वेस्ट कॅल्डरजवळच्या 'फाइव्ह सिस्टर्स' नावाच्या तांबूस टेकड्या या उद्योगाची राख आहे. मुलांना एकदा दाखवून आणाव्यात.

अटलांटिकपलीकडे अब्राहम गेस्नरने अशाच तेलाला ग्रीकमधल्या मेणाच्या शब्दावरून केरोसीन म्हटले. म्हणून ब्रिटनमध्ये जे पॅराफिन, तेच भारतात आणि अमेरिकेत केरोसीन. अमेरिकन माणूस नुसते पॅराफिन म्हणाला तर त्याच्या मनात मेण असते. आपण मराठी माणसांनी 'रॉक ऑइल'चे रॉकेल केले आणि 'गॅस लाइट'चे घासलेट. रेशनचे रॉकेल निळे असे, कारण ते काळ्या बाजारात जाऊ नये म्हणून त्यात रंग घालत. इथेही 'एसो ब्लू' नावाचे निळे पॅराफिन प्रसिद्ध होते, पण ती नुसती कंपनीची खूण. १९५० आणि ६० च्या दशकांत आलेल्या कितीतरी कुटुंबांनी भाड्याच्या खोल्यांत पॅराफिनच्या हीटरवर हिवाळे काढले, आणि त्या हीटरांनी आगीही लावल्या.

आता मुद्द्याचे. आपल्या घरात 'दिव्याचे तेल' म्हणजे तिळाचे नाहीतर शेंगदाण्याचे. इथल्या दुकानात 'लॅम्प ऑइल' असे लिहिलेली बाटली म्हणजे बहुधा पॅराफिन, कधी रंगीत, कधी सुगंधी. समईत ते घालू नये. समई उघडी असते आणि तिच्यासाठी हे तेल बनवलेले नाही. शिवाय रांगत्या मुलाला ते सरबतासारखे दिसते. असे तेल पोटात गेल्यापेक्षा श्वासनलिकेतून फुप्फुसात गेले तर घातक, कारण ते इतके पातळ असते की एका ठसक्यात आत उतरते. म्हणून मुलाने ते प्यायल्याची नुसती शंका आली, तरी घशात बोटे घालू नयेत, मिठाचे पाणी पाजू नये, उलटी करवू नये. उलटीबरोबर तेच तेल पुन्हा फुप्फुसाच्या तोंडाशी येते. खोकला, धाप किंवा गुंगी असेल तर ९९९, नसेल तरी लगेच १११ वर एनएचएस २४ ला फोन, आणि बाटली हाताशी. आणि पाण्याच्या किंवा शीतपेयाच्या रिकाम्या बाटलीत रॉकेल भरून ठेवण्याची भारतातली सवय इथल्या शेडमध्ये आणू नये.

दुसरा भाऊ लिक्विड पॅराफिन. बद्धकोष्ठावर भारतात हे सर्रास देतात. क्रेमाफिनच्या नावात तर पॅराफिनचे शेपूटच दिसते. आई-वडिलांच्या बॅगेत ती बाटली हमखास असते. ते पचत नाही, म्हणून मल मऊ करून निघून जाते. पण जाताना तेलात विरघळणारी अ, ड, ई आणि के ही जीवनसत्त्वे सोबत घेऊन जाते. दोन-चार दिवसांनी फरक पडत नाही, महिनोन्‌महिने घेतले तर पडतो. ड जीवनसत्त्वाची चैन आपल्याला परवडणारी नाही. ग्लासगोचे ऊन आणि आपला सावळा वर्ण हे गणित जुळत नाही. १९६० आणि ७० च्या दशकांत इथल्या आशियाई मुलांत मुडदूस आढळला होता, आणि आजही सावळ्या वर्णाच्या लोकांनी वर्षभर रोज १० मायक्रोग्रॅम ड जीवनसत्त्व घ्यावे असा इथला अधिकृत सल्ला आहे. एका हाताने ती गोळी घ्यायची आणि दुसऱ्या हाताने पॅराफिन, हे काही खरे नाही. हे औषध झोपण्याच्या वेळी किंवा आडवे पडून घेऊ नये, कारण नकळत फुप्फुसात उतरते. तीन वर्षांखालील मुलांना देऊ नये. गरज रोजची असेल तर जीपीला विचारून दुसरे औषध घ्यावे.

इथेच बेबी ऑइलचेही सांगून टाकतो, कारण बहुतेक बेबी ऑइल म्हणजे सुगंधी लिक्विड पॅराफिनच. मालिशला चालेल. पण बाळाच्या नाकात तेलाचे दोन थेंब सोडण्याची जी पद्धत काही घरांत आहे, ती बंद करावी. खोबरेल असो, तूप असो वा बेबी ऑइल, नाकातून ते फुप्फुसात जाऊन न्यूमोनिया होतो.

तिसरा भाऊ त्वचेवरचा, आणि सर्वांत जास्त गैरसमज त्याच्याबद्दल आहेत. इथल्या हिवाळ्यात बाहेर थंडी, आत सेंट्रल हीटिंग, आणि कातडी पापडासारखी होते. पॅराफिन त्वचेवर पातळ थर धरून आतले पाणी उडू देत नाही. एवढेच त्याचे काम, आणि ते फार चोख करते. म्हणून क्रीम बंद करू नये हे आधी स्पष्ट लिहितो. धोका त्वचेवर नाही, कापडावर आहे.

नुसत्या तुपाच्या वाटीला काडी लावली तर काडी विझते. त्याच तुपात फुलवात भिजवली की ती ठिणगीलाही पेट घेते आणि शेवटपर्यंत जळते. क्रीमचे असेच आहे. डबीतले किंवा अंगावरचे क्रीम सहजी पेटत नाही, पण रोज ते झब्ब्यात, गाऊनमध्ये, उशीच्या अभ्र्यात, बँडेजमध्ये मुरते आणि अख्खे कापड फुलवात होऊन बसते. मग ठिणगी पडली की ते झटक्यात पेटते आणि विझवायला वेळ मिळत नाही. ब्रिटनच्या औषध नियंत्रक संस्थेने, एमएचआरएने, २००८ मध्ये पॅराफिनच्या मलमांबद्दल हा इशारा दिला. तेव्हा भर होता पॅराफिनचे प्रमाण जास्त असलेल्या मलमांवर. डिसेंबर २०१८ मध्ये संस्थेने तो वाढवला. पॅराफिन कमी असो वा मुळीच नसो, कापडात मुरणाऱ्या सर्वच स्निग्ध मलमांना तो लागू आहे. यात जीव गेले आहेत, विशेषतः चालता-फिरता न येणाऱ्या वृद्ध धूम्रपान करणाऱ्यांचे. म्हणजे "आमचे क्रीम नैसर्गिक आहे, त्यात पॅराफिन नाही" या समाधानाला अर्थ नाही. अभ्यंगाचे तेल प्यालेला पंचाही त्याच माळेतला.

इथल्या सूचना सिगारेट, मेणबत्ती आणि उघड्या हीटरपासून दूर राहा असे सांगतात. आपल्या घरात त्यांत भर घालावी लागेल निरांजनाची, समईची, दिवाळीच्या पणत्यांची आणि गॅसच्या शेगडीवर फुलके भाजणाऱ्या बाहीची. अंगाला मलम लावणाऱ्या आजी-आजोबांनी आरती जरूर करावी, पण रात्रीच्या त्याच गाऊनवर शाल पांघरून नव्हे. ताजे धुतलेले कपडे घालून, पदर खोचून. कपडे आणि चादरी वरचेवर शक्य तितक्या गरम पाण्यात धुवाव्यात. धुण्याने धोका कमी होतो, पूर्ण जात नाही, हे मात्र लक्षात असू द्या. घरी ऑक्सिजन घेणाऱ्या रुग्णाने नाकाशी व्हॅसलीन लावू नये. पाण्यावर आधारित मलम मागून घ्यावे.

या स्तंभाची परंपरा म्हणून पैशांचेही बोलू. स्कॉटलंडमध्ये १ एप्रिल २०११ पासून औषधाच्या चिठ्ठीला पैसे पडत नाहीत, आणि २०२० पासून फार्मसी फर्स्ट योजनेत एक्झिमासारख्या किरकोळ तक्रारींसाठी फार्मासिस्ट स्वतःच मोफत औषध देऊ शकतो. असे असताना पुष्कळ जण सुंदर डबीतल्या महागड्या बाममागे पैसे घालवतात. त्या डबीवरची घटकांची यादी वाचली तर पहिल्या दोन-तीन नावांत पेट्रोलेटम किंवा पॅराफिनम लिक्विडम सापडण्याची शक्यता मोठी. पेट्रोलेटम म्हणजे व्हॅसलीन, पॅराफिनम लिक्विडम आणि मिनरल ऑइल म्हणजे लिक्विड पॅराफिन. भारतातल्या 'बदामाच्या' आणि 'आवळ्याच्या' सुवासिक केशतेलांतही पुष्कळदा मुख्य माल हाच असतो, नाव लाइट लिक्विड पॅराफिन किंवा एलएलपी. केसांना त्याने अपाय होत नाही, पण बदामाचा भाव देऊन आपण पॅराफिन विकत घेत आहोत एवढे माहीत असावे. यादी वाचून उलगडा झाला नाही, तर बाटली तशीच फार्मासिस्टच्या काउंटरवर नेऊन दाखवावी. विचारायला अपॉइंटमेंट लागत नाही.