मठ पडला, घंटा वाचली



संत बेनेडिक्ट यांनी सहाव्या शतकात मठवासीयांना नियम घालून दिला : प्रार्थनेची खूण ऐकताच हातातले काम सोडायचे. युरोपातील मठांचे दिवस असे घंटेवर चालत.

जुन्या गोव्यात संत फ्रान्सिस झेवियर यांच्या दर्शनाला जाणारे आपण नागपूरकर जवळच्या टेकडीवर सहसा चढत नाही. तेथे ऑगस्टिनियन मठाचा भग्न मनोरा उभा आहे. (हे बेनेडिक्टचे अनुयायी नव्हेत, पण घंटेची शिस्त तीच.) १८३५ मध्ये पोर्तुगीज सरकारने मठ बंद करून मठवासीयांना घालवले. राखणारे गेले आणि सातच वर्षांत, १८४२ मध्ये, चर्चचे छत कोसळले. मनोऱ्याचा दर्शनी भाग १९३१ मध्ये पडला.

घंटा मात्र आधीच हलवली होती. १८७१ पासून ती पणजीच्या चर्चवर आहे. तिथल्या पायऱ्या चढताना वर पाहा.