‘एका तळ्यात होती’ : कवितेच्या अध्यापनाविषयी



कवितेचा पाठ घ्यावयाचा म्हटला की आपण कठीण शब्दांचे अर्थ फळ्यावर लिहितो, कविता चालीवर म्हणून दाखवितो, मुलांकडून दोनदा म्हणवून घेतो आणि शेवटी तात्पर्य सांगून मोकळे होतो. पुष्कळशा कवितांचे यात फारसे बिघडत नाही. काही कविता मात्र अशा असतात की, त्यांचे तात्पर्य अविचाराने सांगितल्यास वर्गातील एखाद्या मुलाचे मन कायमचे दुखावते. ग. दि. माडगूळकर यांची ‘एका तळ्यात होती’ ही अशांपैकीच एक होय. ती सोपी आहे, गोड आहे, अनेक मुलांना घरूनच पाठ असते. आणि म्हणूनच ती शिकविताना आपण बेसावध असतो. प्रस्तुत लेखकाच्या हातून असा बेसावधपणा घडला आहे. तो सांगूनच या पाठाचा विचार करणे प्रामाणिकपणाचे होईल.

कवितेचे कथानक व त्याचे मूळ

माडगूळकरांचा जन्म १ ऑक्टोबर १९१९ रोजी शेटफळे येथे झाला. ‘गीतरामायणा’मुळे (१९५५) ते घरोघरी पोहोचले. १४ डिसेंबर १९७७ रोजी त्यांचे निधन झाले. प्रस्तुत कविता ‘सुखाचे सोबती’ या चित्रपटातील गीत असून आशा भोसले यांच्या आवाजात ती महाराष्ट्राने ऐकली. तिच्यातील गोष्टीचे मूळ डॅनिश लेखक हान्स ख्रिश्चन अँडरसन (१८०५–१८७५) यांच्या १८४३ साली प्रसिद्ध झालेल्या कथेत आहे. अँडरसन हे एका गरीब चांभाराचे पुत्र. त्यांची आई लोकांचे कपडे धुऊन पोट भरीत असे. तेव्हा हिणविल्या गेलेल्या पिलाचे दुःख त्यांना पुस्तकातून शिकावे लागले नसावे.

मूळ कथा विस्तृत आहे. बदकीच्या घरट्यात चुकून आलेले अंडे, त्यातून निघालेले करडे, बेढब पिलू, त्याची हेटाळणी, घरातून पलायन, कडाक्याचा हिवाळा आणि मग वसंत ऋतू. शेवटी ते पिलू तरुण होऊन हंसांजवळ जाते, मान खाली घालते आणि पाण्यात स्वतःचे प्रतिबिंब पाहते. भोवतीचे हंस त्याला आपल्यात घेतात, काठावरची मुले त्याचे कौतुक करतात.

माडगूळकरांनी यातील बहुतेक सारे गाळले. पिलाला कोणी खेळावयास घेत नाही, लोक बोट दाखवून हसतात, भावंडे टोचतात, ते एकटेच रडते. आणि एके दिवशी पाण्यात क्षणभर, तेही चोरून पाहताना त्याला कळते की आपण राजहंस आहोत. त्याला आपल्यात घेणारे दुसरे हंस या कवितेत नाहीत. कौतुक करणारी मुलेही नाहीत.

मेंढ्यांच्या कळपात वाढलेल्या छाव्याची गोष्ट आपणांस ठाऊक आहे. स्वामी विवेकानंद ती आपल्या व्याख्यानांत सांगत. तीत दुसरा सिंह त्या छाव्याला पाण्याकाठी नेऊन त्याचे रूप दाखवितो. म्हणजे छाव्याला गुरू भेटला, अँडरसनच्या पिलाला सोयरे भेटले. माडगूळकरांच्या पिलाला केवळ पाणी भेटले. शिक्षकाने हा फरक नीट ध्यानात घ्यावा. या कवितेत ओळख पटते ती ज्याची त्याला आणि एकांतात. दुसऱ्याने ती मोठ्याने जाहीर करावयाची नसते.

वाढ हळूहळू, जाणीव एकाएकी

मुले एक प्रश्न हमखास विचारतात, “गुरुजी, ते पिल्लू एका दिवसात राजहंस कसे झाले?” प्रश्न योग्य आहे आणि त्याचे उत्तर निसर्गात दाखविता येते. हंसाचे पिलू करडे असते. त्याची करडी पिसे झडून पांढरी येण्यास महिनोन् महिने लागतात. कवितेतील पिलू त्या दिवशी बदलले नाही; बदल आधीच होत आला होता. त्या दिवशी घडले ते एवढेच, की त्याने तो पाहिला.

आपल्याकडील मुलांनी असा हंस पाहिलेला नसतो. मुंबईच्या उपनगरांत पवई तलाव आहे. १८९१ साली बांधलेल्या या तलावावर हळदी-कुंकू बदके दिसतात, परंतु अँडरसनच्या कथेतला पांढराशुभ्र हंस तेथे नाही. म्हणून उपनगरातील मुलांना मी दुसरे उदाहरण देत असे. मुलुंड-भांडुपच्या पूर्वेस ठाणे खाडी आहे. तेथे दरवर्षी हजारो रोहित पक्षी, ज्यांना आपण फ्लेमिंगो म्हणतो, उतरतात. २०१५ साली या खाडीचा काही भाग त्यांच्यासाठी अभयारण्य म्हणून घोषित झाला आणि २०२२ साली या पाणथळ जागेला रामसर स्थळाचा आंतरराष्ट्रीय दर्जा मिळाला. त्या थव्यात गुलाबी पक्ष्यांच्या मध्ये काही मळकट करडे पक्षीही उभे असतात. पाहणारा विचारतो, हे कोण? हे त्यांचेच अल्पवयीन पक्षी. शेवाळ व बारीक जलचर खाऊन, त्यांतील रंगद्रव्ये अंगी मुरून गुलाबी रंग चढावयास त्यांना दोन-तीन वर्षे लागतात. खेड्यातील शिक्षकांना खाडी दाखविता येणार नाही. पण डबक्यातील बेडूकमासा व त्याचा होणारा बेडूक तर प्रत्येक गावात आहे.

मुलाचेही असेच असते. आरशातील रूप आपलेच आहे हे मूल साधारणपणे दीड ते दोन वर्षांचे असतानाच ओळखू लागते. परंतु ‘मी कोण, मला काय येते, माझे बोलणे, माझे घर, माझी माणसे यांची किंमत काय’ ही दुसरी ओळख शाळेच्या वयात पटते, आणि ती बहुधा एखाद्या दिवशी, एखाद्या लहानशा प्रसंगाने अकस्मात पटते. तिची तयारी मात्र वर्षानुवर्षे चाललेली असते. ती तयारी करणे शिक्षकाच्या हाती आहे. तो दिवस ठरविणे त्याच्या हाती नाही.

माझी चूक

नोकरीच्या प्रारंभीच्या वर्षांत मी मुंबईच्या पूर्व उपनगरातील एका चाळवस्तीच्या शाळेत शिकवीत असे. माझ्या वर्गात जळगावकडून आलेला एक मुलगा होता. त्याच्या बोलण्यात ‘डोळा’चा ‘डोया’ होई आणि ‘काळा’चा ‘काया’. वर्ग हसे. हळूहळू त्याने बोलणेच सोडले. मधल्या सुट्टीत तो एकटा जिन्यापाशी बसून असे.

त्या वर्षी मी ही कविता शिकविली. पाठ रंगला होता. शेवटी भावनेच्या भरात मी त्या मुलाजवळ गेलो, त्याच्या मस्तकावर हात ठेवला आणि म्हणालो, “पाहा, आपल्याही वर्गात असा एक राजहंस आहे.” वर्ग मोठ्याने हसला. मुलाने मान खाली घातली. पुढचे दोन दिवस तो शाळेत आला नाही. आला तेव्हा त्याला ‘राजहंस’ हे टोपणनाव पडले होते.

माझा हेतू चांगला होता. पण राजहंस म्हणण्यापूर्वी मी त्याला सर्वांदेखत ते कुरूप पिलू ठरविले होते, हे माझ्या ध्यानी आले नाही. जी गोष्ट कवितेतले पिलू चोरून पाहते, ती मी चव्हाट्यावर आणली. आज बालकांचा मोफत व सक्तीच्या शिक्षणाचा हक्क अधिनियम, २००९ याच्या कलम १७ अन्वये शारीरिक शिक्षेबरोबरच मुलाच्या मानसिक छळासही मनाई आहे. छळ करण्याची इच्छा मुळीच नसणारा शिक्षकही कौतुकाने मुलाला किती दुखवू शकतो, हे मी त्या दिवशी शिकलो.

पाणी कोठे भेटले

काही महिन्यांनी बहिणाबाई चौधरींची एक कविता वर्गात वाचावयाची आली. जळगावजवळच्या असोद्याच्या या निरक्षर कवयित्रीची गाणी तिच्या निधनानंतर १९५२ साली पुस्तकरूपाने प्रसिद्ध झाली आणि साऱ्या महाराष्ट्राने ती डोक्यावर घेतली. त्या दिवशी मला काही शब्दांचा अर्थ नीट सांगता येईना. मी सहज विचारले, “हा शब्द कोणाला ठाऊक आहे?” वर्ग गप्प. मग जिन्यापाशी बसणारा तो मुलगा उभा राहिला. एकेका शब्दाचा अर्थ सांगू लागला. कविता वाचावयास सांगितली, तेव्हा ती त्याने आपल्या आजीच्या बोलण्याच्या लयीत वाचली. छापील पानावर त्याच्या घरची बोली होती आणि ती सर्वांत नीट त्यालाच येत होती. मी त्याची स्तुती केली नाही; एवढा धडा मी घेतला होता. “पुढचा शब्द?” इतकेच म्हणालो. त्याच्या चेहऱ्यावर जे उमटले, ते कवितेच्या शेवटी उमटणारे ज्ञान होते. त्याचे पाणी त्याला त्या पानात भेटले.

गोष्ट येथे संपती तर ती गोड ठरली असती. परंतु महिन्याभराने परप्रांतातून आलेला एक मुलगा वर्गात दाखल झाला. त्याच्या उच्चारांना मुले हसली आणि हसणाऱ्यांत आमचा हा मुलगाही होता.

मी चकित झालो, रागावलोही. मग विचार केला, की चूक त्याची एकट्याची नव्हे. ‘मी कोण’ हे कळणे हा प्रौढपणाचा अर्धा भाग. ‘मला हे कळल्यावर मी इतरांशी कसा वागेन’ हा उरलेला अर्धा. मी पाठाचा अर्धाच भाग शिकविला होता. त्याला मी एकट्याला बोलावून एवढेच विचारले, “तळ्यात नवे पिलू आले, तर राजहंसाने काय करावे?” तो बोलला नाही. दुसऱ्या दिवशी मधल्या सुट्टीत जिन्यापाशी दोघे बसलेले दिसले. याहून अधिक मला ठाऊक नाही आणि अधिक सांगण्याची आवश्यकताही नाही.

पाठाची मांडणी

हर्बार्टची पंचपदी आपण अध्यापक विद्यालयात शिकलो. तिचा निष्कर्षाचा टप्पा येथे मुलांवर सोडावा. माझ्या अनुभवावरून पुढील क्रम सुचवितो.

१. पूर्वतयारी. परिसरातील ज्या प्राण्यापक्ष्याचे बाळरूप व प्रौढरूप भिन्न दिसते, असे उदाहरण मुलांकडून काढून घ्यावे. निरीक्षण आधी, कविता नंतर.

२. वाचन. शिक्षकाने कविता एकदा संथपणे वाचावी. चाल मुलांना येतच असते. ती शेवटी म्हणू द्यावी. चाल इतकी गोड आहे की आरंभीच म्हटल्यास दुःखाचा भाग मुलांच्या कानांवरून निघून जातो.

३. प्रश्न. पिलाला कोणी काय केले? कोणी काय केले नाही? (भावंडांनी विचारपूस केली नाही, हे उत्तर येऊ द्यावे, न करण्यातही दोष असतो हे मुलांना येथे समजते.) त्याने चोरून का पाहिले असेल? ते त्या दिवशी बदलले की आधीच बदलले होते? आता ते बदकांशी कसे वागेल? शेवटच्या प्रश्नाचे उत्तर कवितेत नाही, म्हणून त्यास सर्वाधिक वेळ द्यावा.

४. कृती. पाणी भरलेली परात वर्गाच्या कोपऱ्यात ठेवावी. एकेका मुलाने जाऊन त्यात पाहावे व परत येऊन ‘मी’ या शब्दाने सुरू होणारे एक वाक्य वहीत लिहावे. ते वाक्य मोठ्याने वाचावयास लावू नये. शिक्षकानेही मुलाने दाखविल्याखेरीज पाहू नये.

५. वर्ज्य गोष्टी. वर्गातील कोणाचेही उदाहरण देऊ नये. शुभ्र म्हणजे सुंदर व काळे म्हणजे कुरूप असा अर्थ मुलांच्या मनात रुजू देऊ नये; आपल्या समाजात त्याचे दुष्परिणाम आधीच पुष्कळ आहेत. तसेच ‘तूही एक दिवस राजहंस होशील’ असे आश्वासन देऊ नये. एका मुलीने मला विचारले होते, “आणि जे बदकच असेल, त्याने काय करायचे?” या प्रश्नाने मी निरुत्तर झालो होतो. आज उत्तर देईन : त्यानेही पाण्यात पाहावे. बदक असण्यात उणे काही नाही. उणे आहे ते दुसऱ्याच्या टोचीवरून स्वतःला ओळखण्यात.

समारोप

आपल्या खेड्यांतील शाळांत वीटभट्टीवर आलेल्या कातकरी कुटुंबांची, ऊसतोडणी कामगारांची, दूरच्या मुलखातून आलेल्या मजुरांची मुले येतात व काही महिन्यांनी निघून जातात. त्यांची बोली निराळी, कपडे निराळे, डब्यातली भाकरीही निराळी. वर्गात ती बहुधा एका कडेला बसतात. त्यांच्या मुक्कामात त्यांना त्यांचे पाणी भेटेल की नाही, हे आपल्याला सांगता येत नाही. पण त्यांच्या बोलीतील एखादे गाणे, त्यांच्या कामातील एखादे मोजमाप, त्यांना ठाऊक असलेल्या एखाद्या झाडाचे नाव वर्गात सहजगत्या विचारता येते.

आणखी एक गोष्ट प्रत्येकाच्या हातची आहे. परातीतील पाणी ढवळले तर तोंड दिसत नाही. हशाने ढवळलेल्या वर्गातही मुलाला स्वतःचे रूप दिसत नाही. पाणी निवळ राखावे. पाहण्याचे काम मूल करील.