एका डोळ्याचा राक्षस

(पडद्यावर राक्षस दिसला की आपण दचकतो. तो राक्षस कोठून येतो? त्याला कोण तयार करतो? एका चित्रपटाच्या निमित्ताने या पाठात एका फार जुन्या गोष्टीच्या प्रवासाची माहिती दिली आहे.)

विद्यार्थी मित्रांनो, अलिफ लैलातील सिंदबाद जहाजी तुमच्या ओळखीचा आहे. १९५८ साली अमेरिकेतील एका कंपनीने त्याच्यावर एक रंगीत चित्रपट काढला. त्याच्या नावाचा अर्थ ‘सिंदबादची सातवी सफर’ असा होतो. या चित्रपटात खलाशी एका अनोळखी बेटावर उतरतात. तोच गुहेतून एक अवाढव्य राक्षस गर्जना करत बाहेर येतो. डोक्यावर एक शिंग, पाय बोकडासारखे आणि कपाळाच्या मधोमध एकच डोळा! पुढे सिंदबाद जळत्या मशालीने त्याचा डोळा निकामी करतो आणि तो धिप्पाड राक्षस कड्यावरून खाली कोसळतो.

या राक्षसाचे नाव सायक्लॉप्स. गंमत अशी, की हे नाव अलिफ लैलातले नाही. ते प्राचीन ग्रीक पुराणकथांतले आहे. मग अरबी गोष्टीतल्या नायकाशी या ग्रीक राक्षसाची गाठ कशी पडली? चित्रपटवाल्यांनी दोन देशांच्या गोष्टी उगीच एकत्र केल्या का? नाही. या दोघांची ओळख फार जुनी आहे.

सुमारे २,७०० वर्षांपूर्वीचे ‘ओडिसी’ नावाचे एक ग्रीक महाकाव्य आहे. ते होमर या कवीचे मानले जाते. त्यात ओडिसियस नावाचा राजा युद्ध संपवून समुद्रमार्गे घरी निघतो. वाटेत तो आपल्या बारा सोबत्यांसह एका गुहेत शिरतो. ती गुहा पॉलिफेमस नावाच्या सायक्लॉप्सची असते. संध्याकाळी राक्षस मेंढ्या घेऊन परत येतो आणि एका प्रचंड दगडाने गुहेचे तोंड बंद करतो. मग तो दोन-दोन माणसे उचलून खाऊ लागतो.

राक्षस झोपलेला असताना तलवार उपसून त्याला मारावे, असे ओडिसियसच्या मनात आले. पण त्याने तलवार म्यानातच ठेवली. का बरे? राक्षस मेला असता तर दारावरचा तो दगड कोणी हलवला असता? सारेच आत अडकून मेले असते. म्हणून ओडिसियसने राग गिळला आणि डोके चालवले. त्याने राक्षसाला भरपूर मद्य पाजले आणि आपले नाव सांगितले, “कोणीनाही.” राक्षसाला गाढ झोप लागताच त्याने एक टोकदार लाकूड विस्तवात तापवले आणि सोबत्यांच्या मदतीने राक्षसाच्या डोळ्यात खुपसले. राक्षस ओरडू लागला. शेजारचे राक्षस धावत आले. त्यांनी बाहेरून विचारले, “तुला कोण मारतो आहे?” तो म्हणाला, “मला कोणीनाही मारतो आहे!” हे ऐकून ते सारे परत गेले.

सकाळी राक्षसाने मेंढ्या चरायला सोडण्यासाठी दगड बाजूला केला. आंधळा राक्षस प्रत्येक मेंढ्याची पाठ चाचपून पाहत होता. ओडिसियस आणि उरलेले सहा सोबती मात्र मेंढ्यांच्या पोटाखाली लपून बाहेर निसटले.

आता सिंदबादची तिसरी सफर आठवा. तेथेही एक बेट आहे. तेथेही एक धिप्पाड राक्षस माणसे पकडून खातो. तेथेही लोक तो झोपण्याची वाट पाहतात. लोखंडी सळया विस्तवात लाल करून ते त्याचे डोळे फोडतात. ते तराफ्यांवर बसून पळू लागताच किनाऱ्यावरून त्यांच्यावर मोठमोठे दगड येऊन पडतात. ओडिसियसच्या जहाजाच्या दिशेनेही असेच दगड फेकले गेले होते. म्हणजे १९५८ च्या त्या चित्रपटाने दोन अनोळखी लोकांची भेट घडवली नाही. त्याने दोन जुन्या नातेवाइकांना पुन्हा एकत्र आणले.

गोष्टी अशा प्रवास कशा करतात? त्या माणसांबरोबर जातात. जहाज बंदराला लागले की माल उतरतो. त्याबरोबर खलाशांच्या गोष्टीही उतरतात. पुढे बगदाद शहरात विद्वानांनी ग्रीक भाषेतील अनेक ग्रंथांचे अरबी भाषेत भाषांतर केले. त्यात वैद्यकाचे ग्रंथ होते, गणिताचे होते, तत्त्वज्ञानाचेही होते. आपल्याकडे ‘युनानी दवाखाना’ अशी पाटी दिसते. मराठीत ज्या देशाला आपण ‘ग्रीस’ म्हणतो, त्यालाच उर्दूत ‘युनान’ म्हणतात. युनानी औषध म्हणजे मुळात ग्रीसमधले औषध! ते ग्रीसमधून अरबस्तान आणि इराणमार्गे हिंदुस्थानात आले.

ही झाली दूरदेशीची हकीकत. आता आपल्या मराठवाड्याकडे या. सुमारे २,००० वर्षांपूर्वी ग्रीक भाषेत एक पुस्तक लिहिले गेले. ‘पेरिप्लस’ या नावाने ते ओळखले जाते. समुद्रावरून व्यापार करणाऱ्यांना त्यात बंदरांची व बाजारपेठांची माहिती दिली आहे. त्यात आपल्या भागातील दोन गावांची नावे आहेत. एक ‘पैठण’ म्हणजे आजचे पैठण आणि दुसरे ‘तगर’ म्हणजे आजच्या धाराशिव जिल्ह्यातील तेर. भडोच बंदरापासून पैठण वीस दिवसांच्या वाटेवर आणि तेथून तगर दहा दिवसांच्या वाटेवर आहे, असे तो लेखक सांगतो. पैठणहून रंगीत दगड आणि तगरहून कापड गाड्यांतून भडोचला जात असे. नकाशा उघडा. पैठण आणि तेर या दोन गावांना जोडणारी एक सरळ रेघ ओढा. ती रेघ आपल्या बीड जिल्ह्यातून जाते!

ग्रीक कथांची एक खूण तर महाराष्ट्राच्या मातीतच सापडली. १९४५ च्या सुमारास कोल्हापुरातील ब्रह्मपुरी टेकडीवर उत्खनन झाले. तेथे वीतभरही उंच नसलेली एक सुंदर कांस्यमूर्ती मिळाली. ती मूर्ती पोसायडनची म्हणजे ग्रीकांच्या समुद्रदेवतेची आहे. ती कोल्हापूरच्या टाउन हॉल संग्रहालयात ठेवण्यात आली. हा पोसायडन कोण, ठाऊक आहे? ग्रीक कथेप्रमाणे तो एका डोळ्याच्या पॉलिफेमसचा बाप आहे. मुलगा पडद्यावर आला १९५८ साली. बाप मात्र आपल्याकडे शेकडो वर्षांपूर्वीच येऊन पोचला होता.

गोष्टींप्रमाणे कलाही प्रवास करते. १९१० च्या सुमारास दादासाहेब फाळके यांनी मुंबईत येशू ख्रिस्ताच्या जीवनावरचा परदेशी चित्रपट पाहिला. आपल्या पुराणकथा पडद्यावर अशाच आणता येतील, असे त्यांच्या मनाने घेतले. १९१३ साली त्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ प्रदर्शित झाला. १९१९ साली त्यांनी ‘कालिया मर्दन’ काढला. त्यात बाळकृष्ण यमुनेच्या पाण्यात भयंकर नागाशी झुंज देतो. बाळकृष्णाचे काम फाळके यांची लहान मुलगी मंदाकिनी हिने केले होते.

पुढे मुंबईतच बाबूभाई मिस्त्री नावाचे कुशल कारागीर झाले. १९३७ साली ‘ख्वाब की दुनिया’ या चित्रपटात त्यांनी वस्तू आपोआप हलताना दाखवल्या. लोक थक्क झाले. ही जादू कशाची होती? साध्या काळ्या धाग्याची! काळ्या पडद्यापुढे काळा धागा कॅमेऱ्याला दिसत नाही. तो ओढला की वस्तू हवेत चालू लागते. तेव्हापासून लोक त्यांना ‘काला धागा’ या नावानेच ओळखू लागले. १९५६ सालच्या ‘हातिमताई’ या चित्रपटातील चमत्कारही त्यांच्याच हातचे होते.

तिकडे सिंदबादच्या चित्रपटातला राक्षसही माणसाच्या हातांनीच चालवला होता. त्या कारागिराचे नाव रे हॅरीहाउसेन. हा राक्षस म्हणजे सांधे असलेली एक लहान बाहुली होती. बाहुलीचा हात किंचित हलवायचा आणि एक चित्र घ्यायचे. पुन्हा किंचित हलवायचा आणि दुसरे चित्र घ्यायचे. अशी चोवीस चित्रे झाली की पडद्यावर फक्त एक सेकंद सरतो! १९६३ साली जेसन नावाच्या ग्रीक वीरावर एक चित्रपट निघाला. त्यात सात हाडांचे सापळे तलवारी घेऊन तीन माणसांशी लढतात. पडद्यावर ही लढाई काही मिनिटांत संपते. पण ती तयार करायला हॅरीहाउसेन यांना चार महिन्यांहून अधिक काळ लागला. आज अशी कामे संगणकावर होतात, तरी त्यामागे शेकडो माणसांची मेहनत असतेच.

मग ही एका डोळ्याच्या राक्षसाची गोष्ट कोणाची? ग्रीसची? बगदादची? अमेरिकेची? ज्यांनी ती ऐकली, जपली आणि पुढे सांगितली, त्या सर्वांची. गोष्ट दुसऱ्याला दिली म्हणून आपल्याजवळची कमी होत नाही.

शब्दांचेही तसेच आहे. जहाज, बंदर, सफर, खलाशी, हकीकत हे या पाठातील शब्द तुम्हाला कोणी शिकवावे लागले नाहीत. उर्दूत ते तुमच्या रोजच्या बोलण्यातले आहेत आणि मराठीतही ते कित्येक पिढ्यांपासून नांदत आहेत. ‘दाम’ हा शब्द घ्या. मुळात ‘द्राख्मा’ हे ग्रीक नाणे. संस्कृतात त्याचे ‘द्रम्म’ झाले आणि त्यातून मराठीत व उर्दूत ‘दाम’ आला. बाजारात ‘काम तसा दाम’ म्हणणाऱ्याला आपण एक ग्रीक शब्द बोलत आहोत, याची कल्पनाही नसते!

आणि शेवटी एक ध्यानात ठेवा. ओडिसियस असो वा सिंदबाद, राक्षसापुढे त्यांची ताकद मुंगीएवढी होती. ते जिंकले ते धीराने, युक्तीने आणि सोबत्यांच्या मदतीने. मात्र जहाज किनाऱ्यापासून दूर जाताच ओडिसियसला राहवले नाही. त्याने बढाई मारत आपले खरे नाव ओरडून सांगितले. राक्षसाने ते नाव घेऊन आपल्या बापाकडे, पोसायडनकडे, गाऱ्हाणे केले आणि मग ओडिसियसला कित्येक वर्षे समुद्रात हाल सोसावे लागले. राक्षसाला हरवणे त्याला जमले; जिभेला आवरणे जमले नाही.

शब्दार्थ

अवाढव्य – फार मोठा
निकामी करणे – कामाचा न ठेवणे, बेकार करणे
म्यान – तलवार ठेवण्याचे आवरण
तराफा – लाकडी ओंडके बांधून केलेले तरंगते साधन
उत्खनन – जुन्या वस्तूंच्या शोधासाठी जमीन खोदणे
कांस्य – तांबे व कथील यांचा मिश्र धातू
सापळा – शरीरातील हाडांचा सांगाडा
बढाई – फुशारकी, शेखी
गाऱ्हाणे – तक्रार, फिर्याद

स्वाध्याय

प्र. १. एका वाक्यात उत्तरे लिहा.
(अ) ओडिसियसने राक्षसाला आपले नाव काय सांगितले?
(आ) पोसायडनची मूर्ती कोठे सापडली?
(इ) बाबूभाई मिस्त्री यांना लोक कोणत्या नावाने ओळखू लागले?

प्र. २. कारणे लिहा.
(अ) ओडिसियसने तलवार म्यानातच ठेवली.
(आ) शेजारचे राक्षस मदत न करता परत गेले.

प्र. ३. ओडिसियसची गोष्ट आणि सिंदबादची तिसरी सफर यांतील तीन सारख्या गोष्टी लिहा.

प्र. ४. वाक्यात उपयोग करा.
राग गिळणे, डोके चालवणे, थक्क होणे, हाल सोसणे.

प्र. ५. मराठीत आणि उर्दूत सारखेच वापरले जाणारे दहा शब्द शोधून लिहा.

उपक्रम : घरातील दादी, नानी किंवा इतर वडीलधाऱ्यांकडून एक जुनी गोष्ट ऐका. त्यांनी ती कोणाकडून ऐकली, तेही विचारा. ती गोष्ट मराठीत लिहून वर्गात वाचून दाखवा.