गाळ्याचं डिपॉझिट द्यायच्या आधी पाण्याचं बिल मागा

फूड बिझनेसच्या व्हिडिओत आपण कॉस्टिंग केलं. तेल, बेसन, गॅस, पॅकिंग सगळं धरलं, पण पाण्याची ओळ बहुतेकांच्या वहीत नसतेच. "पाणी काय, नळाला येतं की!" येतं. पण कोणाच्या नावावर येतं, कुठल्या दराने येतं आणि वापरून झालं की कुठे जातं, हे विचारलंय का कधी?

आपल्या बॅचमधल्या एका ताईंनी लालबागला टिफिनसाठी गाळा बघितला. भाडं परवडणारं, जागा मोक्याची. आत नळ होता, सोडला तर पाणीही आलं. मी म्हटलं, बिल मागा. मालक आठवडाभर टोलवत राहिले. शेवटी बिल मिळालं तेव्हा दोन गोष्टी कळल्या. जोडणी गाळ्याची नव्हतीच, बिल्डिंगच्या घरगुती लाईनवरून ओढलेला नळ होता. आणि त्या लाईनवर चांगली जाड थकबाकी होती. ताईंनी डिपॉझिट दिलं नाही, दुसरा गाळा बघितला.

आता हे बिल वाचायचं कसं? वर सीसीएन नंबर असतो, म्हणजे त्या जोडणीचा ओळख क्रमांक. तो महापालिकेच्या ॲक्वाप्टॅक्स पोर्टलवर टाकून थकबाकी स्वतः तपासा, मालकाच्या शब्दावर जाऊ नका. थकबाकीवर महिन्याला २ टक्के जादा आकार चढतो. म्हणजे ४०,००० थकले असतील तर दर महिन्याला ८०० रुपये नुसते वरचे! २०२० मध्ये पालिकेने हा जादा आकार माफ करणारी अभय योजना आणली होती. तशी सवलत चालू असेल तर मालकाला आठवण करून द्या, पण तिच्या भरवशावर करार करू नका. थकबाकी कोण भरणार हे लीव्ह अँड लायसन्समध्ये लिहून घ्या. जोडणी तोडली तर चूल तुमची बंद पडणार, मालकाची नाही.

मग बघा दराचा प्रकार: घरगुती की व्यावसायिक. दोन्हींत कितीतरी पटींचा फरक आहे. वर मलनिःसारण आकार लागतो, पाण्याच्या आकाराच्या ७० टक्के. एवढं ऐकून लोक घाबरतात, म्हणून हिशोब करूया. रोज ५०० लिटर म्हणजे महिन्याला १५,००० लिटर. व्यावसायिक दर हजार लिटरला ५० रुपये धरू (हा फक्त उदाहरणासाठी, खरा तुमच्या बिलावर बघा). पाण्याचे ७५०, मलनिःसारणाचे ५२५, एकूण १,२७५ रुपये. आता हेच पाणी २० लिटरच्या जारने आणायचं म्हटलं तर रोज २५ जार. जार ४० रुपये धरला तर दिवसाला १,०००. अर्धं काम जरी जारवर भागवलं तरी महिन्याला १५,००० गेले! म्हणून मी म्हणतो, रीतसर जोडणीचं पाणी हा धंद्यातला सगळ्यात स्वस्त कच्चा माल आहे.

"पण मी तर घरूनच करते" असं म्हणणाऱ्या ताईंसाठी थोडं वेगळं. गिरगाव-दादरच्या जुन्या इमारतींत बहुतेक ठिकाणी अख्ख्या बिल्डिंगला एकच मीटर. घरगुती पाण्याला माणशी दिवसाला १५० लिटरपर्यंत मूळ दर, त्यापुढे दुप्पट, तिप्पट, चौपट असे टप्पे. तुमच्या मोदकांच्या ऑर्डरमुळे बिल्डिंगचा वापर टप्पा ओलांडून गेला तर बिल शेजारच्या काकूंचंही वाढतं. मग भांडण पाण्याचं राहत नाही, तुमच्या धंद्याचं होतं. आधीच सेक्रेटरींशी बोला, जादा वाटा देण्याचं कबूल करा, कागदावर घ्या.

नवी जोडणी हवी असेल तर पालिकेच्या परवानाधारक प्लंबरमार्फत अर्ज करावा लागतो. लालबाग-परळ एफ दक्षिणमध्ये, कार्यालय परळला डॉ. आंबेडकर रोडवर. दादर पश्चिम जी उत्तर. गिरगावकरांनी आपली गल्ली सी मध्ये की डी मध्ये हे आधी बघा, नाहीतर चंदनवाडी ते नाना चौक हेलपाटे. मालकाचं ना-हरकत पत्र लागेल, ते डिपॉझिट द्यायच्या आधीच मागा. नंतर मालक फोन उचलत नाहीत, अनुभव आहे. रस्ता खोदावा लागणार असेल तर त्याचा खर्च प्लंबरकडून वेगळा लिहून घ्या.

आणि एक. कोणी पाण्याचं बिल दाखवून "बघा, गाळा अधिकृत आहे" म्हणालं तर मान डोलवू नका. डिसेंबर २०१४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने पाणी हा जगण्याच्या हक्काचा भाग मानला, आणि २०२२ पासून पालिकेचं 'सर्वांसाठी पाणी' धोरण आहे. त्यात अनधिकृत बांधकामालाही जोडणी मिळू शकते, पण त्याने बांधकाम अधिकृत होत नाही. धोरण चांगलंच आहे, प्रश्न त्याचा नाही. गाळ्याचे कागद वेगळे तपासा.

साठवणीचं थोडक्यात: पाणी ठरलेल्या वेळेलाच येतं, टाकी लागणारच. पण ५०० लिटरची भरलेली टाकी म्हणजे अर्धा टन वजन. जुन्या इमारतीच्या पोटमाळ्यावर चढवू नका.

राहिलं सांडपाणी. तळणाचं तेल मोरीत ओतलं की ते थंड होऊन पाईपला आतून चिकटतं, आणि चाळीत उभा पाईप सगळ्यांचा एकच. पहिला मजला तुंबला की बोट थेट तुमच्याकडे. सिंकखाली ग्रीस ट्रॅप बसवा, आठवड्याला साफ करा, वापरलेलं तेल डब्यात साठवून तेल गोळा करणाऱ्याला द्या. काही जण बादली फुटपाथलगतच्या जाळीत ओततात. ती पावसाच्या पाण्याची लाईन आहे, मलवाहिनी नाही. तिथलं पाणी प्रक्रिया न होता समुद्रात जातं, आणि पावसाळ्यात हिंदमाताला काय होतं ते तुम्हाला मी सांगायला नको. मलवाहिनी तुंबली तर १९१६ वर तक्रार नोंदवा आणि तक्रार क्रमांक जपून ठेवा.

आजचं काम: घरचं किंवा दुकानाचं बिल काढा, सीसीएन, दराचा प्रकार आणि थकबाकी या तीन गोष्टी वहीत लिहा. पुढच्या व्हिडिओत हाच आकडा आपण एका टिफिनच्या कॉस्टिंगमध्ये बसवणार आहोत, तेव्हा वही सोबत असू द्या.