फायरच्या टाकीला हात लावू देऊ नको

लेकरा, नांदेडचा दवाखाना आणि लातूरची दाळमिल, दोन्हीकडचं फायरचं काम आता तुझ्याकडं आलंय. ड्रॉइंग, चाव्या, रजिस्टर मिळालंच असेल. कागदावर नसतं तेवढं सांगतो.

आधी छताचं स्प्रिंकलरचं हेड नीट बघ. मधोमध पेराएवढी काचेची नळी, तिला आपण बल्ब म्हणतो. आत रंगीत द्रव आणि एक बारीक बुडबुडा. आग लागली की गरम हवा छताला चढते, द्रव फुगतो, बुडबुडा दबत दबत नाहीसा होतो आणि फुगायला जागा उरली नाही की काच फुटते. बूच निसटतं, पाणी खालच्या दातेरी चकतीवर आदळून चहूकडं उडतं. हेड फुटायला वीज लागत नाही, बटण लागत नाही. धुराशी त्याचं काही देणंघेणं नाही, फक्त उष्णतेशी. आणि जिथं तापलं तिथलंच हेड फुटतं. सिनेमातल्यासारखा सगळ्या इमारतीत एकदम पाऊस पडत नाही. मालक लोक हीच धास्ती घेऊन व्हॉल्व्ह बंद करून ठेवतात, म्हणून त्यांना हे पहिल्या दिवशीच समजावून सांग. जागेवर उठून पळता न येणाऱ्या माणसांसाठी हे हेड किती मोलाचं आहे, ते दवाखान्यात वेगळं सांगायला नको. भंडाऱ्याच्या जिल्हा रुग्णालयात 9 जानेवारी 2021 च्या पहाटे 10 तान्ही लेकरं आगीत गेली. त्याच वर्षी नोव्हेंबरात नगरच्या सिव्हिलला अतिदक्षता विभागात 11 रुग्ण गेले.

आता आपल्या मुलखाची गोष्ट. बल्बचा रंग म्हणजे त्याचं तापमान. नारंगी 57 अंश, लाल 68, पिवळा 79, हिरवा 93, निळा 141. बाजारात सगळीकडं लालच मिळतो आणि फिटर डोळे झाकून तोच लावतो. नियम असा, की त्या जागेच्या सगळ्यात जास्त तापमानापेक्षा बल्ब निदान 30 अंश वरचा असावा. 68 मधून 30 वजा कर, उरले 38. नांदेडचा मे महिना 38 वर थांबतो का? एसीच्या वॉर्डात लाल ठीक आहे. एसी नसलेल्या जागी पिवळ्याचा विचार कर. दाळमिलच्या पत्र्याखाली तर भर दुपारी छतालगत थर्मामीटर लावून बघितल्याशिवाय काही ठरवूच नको. तिथं बहुतेक हिरवाच लागेल. पण घाबरून निळा लावू नको, मग आग लागल्यावर फुटायला उशीर करील.

हेड बदलताना जुन्याच जातीचं घे: रंग जागेला बरोबर असेल तर तोच, भोक तेच, खाली तोंडाचं असेल तर खाली तोंडाचंच. हातातून फरशीवर पडलेलं हेड वापरू नको. काचेला केसाएवढी चीर गेली तरी दिसत नाही. नव्या हेडवर प्लास्टिकची टोपी असते, ती लावून झाल्यावर काढायची. न काढलेल्या टोप्या वर्षानुवर्षं तशाच राहतात, म्हणून प्रत्येक मजल्यावर मान वर करून फीर.

दसरा-दिवाळी आली की रंगारी येतात. त्यांच्या आधी तू हजर राहा. रंग लागलेलं हेड खरवडून साफ करायचं नसतं, बदलायचं असतं. हेडला तोरण बांधू देऊ नको, सलाइनची बाटली अडकवू देऊ नको. खालची पोती, कपाटं हेडपासून निदान हातभर खाली राहू दे, नाहीतर पाणी पसरतच नाही. कुणी नवं फॉल्स सीलिंग केलं तर हेड त्याच्या वर अडकून राहिलं का ते बघ. मिलमध्ये दाळीचा चुरा बसतो; तो लांबून हलक्या हवेनं नाहीतर मऊ ब्रशनं काढ. ओलं फडकं आणि साबण नको.

पण खरं दुखणं हेडचं नाही. स्प्रिंकलर चालला नाही याचं सगळ्यात मोठं कारण बंद व्हॉल्व्ह. मेन व्हॉल्व्ह उघडा ठेवून साखळी-कुलूप लाव. दुरुस्तीला बंद केलास तर कुणी, किती वाजता, कशासाठी, हे रजिस्टरात लिही आणि उघडल्याशिवाय घरी जाऊ नको. दर आठवड्याला पंप चालवून बघ. लाइनच्या टोकाचा टेस्ट व्हॉल्व्ह उघडून दाब पडतो का, घंटा वाजते का, पंप आपोआप सुरू होतो का, हेही तपासत जा. मात्र सगळी लाइन उगाच रिकामी करून भरू नको. नव्या पाण्यासंगं नवी हवा आत जाते आणि पाईप गंजतो. आपल्या बोअरचं पाणी जड, गाळणी लवकर चोंदते, ती काढून धूत जा.

आणि टाकी. 2016 च्या एप्रिलात मिरजेहून लातूरला रेल्वेनं पाणी आणावं लागलं. पहिल्या गाडीत 10 वॅगन, 5 लाख लिटर. अशा वर्षी सगळ्यांची नजर फायरच्या टाकीवर जाते. माणसं तहानलेली असतात, त्यांना नाही म्हणणं जड जातं, पण त्या पाण्याला मोटार लावू देऊ नको. पाणी आधी फायरच्या टाकीत पडावं आणि ती भरून वाहिली की वापराच्या टाकीत जावं, अशी जोडणी करून घे. मग ती आपोआप भरलेली राहते. नसेल तर मालकाच्या मागं लागून करून घे, उन्हाळ्याच्या आत.

महाराष्ट्राच्या 2006 च्या अग्निसुरक्षा कायद्यानं जानेवारीत आणि जुलैत, वर्षातून दोनदा, यंत्रणा चालू असल्याचा फॉर्म-बी द्यावा लागतो. तो परवानाधारक एजन्सीच देते. त्यांची माणसं आली की संगं फीर, प्रत्येक मजल्यावर.

आग लागून हेड फुटलंच, तर पाणी बंद करायची घाई करू नको. आग पुरती विझली असं अग्निशमनवाल्यांनी सांगितल्यावरच व्हॉल्व्ह फिरव, आणि फिरवणारा माणूस तिथंच उभा राहू दे, पुन्हा पेटलं तर लगेच उघडता यावा म्हणून. फुटलेलं हेड त्याच दिवशी बदल. पंपरूमच्या पेटीत निदान 6 जादा हेड आणि त्यांचा पाना ठेव. साध्या पान्यानं हेड आवळलं तर चौकट वाकते.