हिरवा चार आणि न बनणारा फिल्टर

लो-पास फिल्टरचं प्रॅक्टिकल आपण सगळ्यांनीच केलंय. एक रेझिस्टर, एक कपॅसिटर, फंक्शन जनरेटर आणि सीआरओ, बस्स. मी ४.७ किलोओहमचा रेझिस्टर आणि ०.१ मायक्रोफॅरडचा कपॅसिटर लावला. सूत्राप्रमाणे कटऑफ ३३९ हर्ट्झच्या आसपास यायला हवा होता. आला २८४! तीनदा रीडिंग घेतलं, तरी तेच. शेवटी मॅडमनी रेझिस्टर उपसून बघितला आणि म्हणाल्या, "अगं, हा ५.६ चा आहे. हिरवा-निळा-लाल. हिरवा म्हणजे पाच, चार नव्हे."

कलर कोड मला पाठ आहे हो. पण माझा चार हा आकडा पहिलीपासून हिरवा आहे, सात निळा, आणि दोन लाल (तेवढा एकच कोडशी जुळतो, नशीब!). त्यामुळे घाईत हिरवा-निळा-लाल बघितलं की मला सरळ ४.७ किलोओहम 'दिसतो'. अकरावीपर्यंत मला वाटायचं की सगळ्यांचेच आकडे रंगीत असतात. एकदा डब्याच्या सुट्टीत मैत्रिणीला विचारलं, "तुझा चार कोणत्या रंगाचा?" तिने माझ्याकडे असं बघितलं की पुढे वर्षभर मी हा विषय काढला नाही.

या प्रकाराला सिनेस्थेशिया म्हणतात. मराठीत आपण इंद्रियसंकर म्हणू. एका संवेदनेबरोबर दुसरी आपोआप जागी होते. हा आजार नाही. २००६ साली ज्युलिया सिमनर आणि सहकाऱ्यांनी ब्रिटनमध्ये केलेल्या पाहणीत शंभरात चारांहून थोडे जास्त लोक कुठल्या ना कुठल्या प्रकारचे असे निघाले. म्हणजे आपल्या साठच्या वर्गात दोन-तीन जण असायला हरकत नाही. 'गोड आवाज', 'भडक रंग' असं आपण सगळेच बोलतो, पण ती भाषेची सवय झाली. नाट्यशास्त्रात शृंगाराला श्याम, हास्याला पांढरा आणि रौद्राला लाल रंग दिलाय, तो संकेत झाला, सगळ्यांना सारखा. माझा चार मात्र फक्त माझ्यापुरता हिरवा आहे.

तर त्या प्रॅक्टिकलनंतर चिडून मी कागदावर एक यंत्र काढलं. चष्म्यात बारीक कॅमेरा, तो आकडा ओळखणार, माझ्या रंगांचा तक्ता त्याच्या मेमरीत, आणि चष्मा तेवढाच रंग वजा करणार. नावही ठेवलं, 'विसंकर'. ब्लॉक डायग्राम मस्त आला. मग लक्षात आलं की वजा करायला काही नाहीच! पुस्तकातला चार काळ्याच शाईत छापलाय. तो काळा आहे हे मला दिसतंच, आणि तरी तो हिरवा असतो. चष्म्याने लाल मिसळला तर मला लाल छटेचा हिरवा चार दिसेल, एवढंच. इनपुट स्वच्छ आहे, भेसळ सेन्सरच्या पुढे होतेय.

ती कुठे होते? आपल्या तमिळनाडूत जन्मलेले व्ही. एस. रामचंद्रन आणि एडवर्ड हबर्ड यांनी २००१ मध्ये असं मांडलं की मेंदूत आकड्यांचे आकार ओळखणारा भाग आणि रंग ओळखणारा 'व्ही-४' हा भाग अगदी शेजारी-शेजारी आहेत आणि काही जणांत त्यांच्यामध्ये जादा जोडण्या असतात. आपल्या भाषेत, क्रॉस-टॉक! त्यांचा प्रयोग मला फार आवडला. पानभर इंग्रजी पाच छापायचे आणि मधे थोडे दोन पेरून त्यांचा त्रिकोण करायचा. साध्या माणसाला त्रिकोण शोधावा लागतो. रंगीत आकडेवाल्यांना तो जास्त चटकन सापडला.

म्हणजे फिल्टर लावायचा तर मेंदूच्या आत. आणि तसा जवळपास प्रयत्न झालाही आहे. २००६ मध्ये कवटीबाहेरून चुंबकीय स्पंद देऊन उजव्या पॅरायटल भागाचं काम क्षणभर विस्कळीत केलं, तेव्हा आकडा आणि रंग यांची गाठ तात्पुरती सैल झाली. हे वाचून मी खूश झाले. मग ईसीजीचं युनिट अभ्यासाला आलं.

ईसीजीत घरातल्या विजेची ५० हर्ट्झची गुणगुण शिरते. ती काढायला नॉच फिल्टर लावतात. पण हृदयाचा सिग्नल १५० हर्ट्झपर्यंत पसरलेला असतो, त्यामुळे ५० च्या आसपासचा हृदयाचा अंशही गुणगुणीबरोबर जातो. फिल्टरला आपला-परका कळत नाही, त्याला फक्त फ्रिक्वेन्सी कळते. मग माझ्या रंगांबरोबर काय जाईल? परतूरच्या आजीचा फोन नंबर मी आकड्यांनी पाठ केलेलाच नाही, तो रंगांच्या पट्ट्यासारखा आठवतो. इतिहासाच्या सनावळ्या तशाच. रंग गेले तर आजीला फोन कसा लावू? मोबाईलमध्ये नंबर आहे म्हणा, पण ती गोष्ट वेगळी.

अजून एक घोळ सांगते. शाळा कॉन्व्हेंट, गणित सगळं इंग्रजी आकड्यांत. मराठी आकडे उशिरा शिकले, आणि मराठी ५ दिसायला इंग्रजी चारासारखा. जालन्याच्या बस स्टँडवर 'पाच' ऐकून मी फलाट शोधत होते आणि ५ समोर असून पुढे गेले, कारण तो हिरवा होता! म्हणजे रंग अर्थाला चिकटत नाही, आधी आकाराला चिकटतो. २०१३ मध्ये अमेरिकेत विटहॉफ्ट आणि विनावर यांना असे ११ जण सापडले, ज्यांच्या अक्षरांचे रंग लहानपणीच्या फ्रिजवरच्या चुंबकी अक्षरांच्या संचाशी जुळत होते. तेव्हापासून मी घरी माझी जुनी पाटी शोधतेय. आई म्हणते, तिच्यावर हिरवा चार होता की नाही, तिला आठवत नाही.

'विसंकर'चा कागद जर्नलच्या मागे तसाच आहे. लॅबमध्ये मी आता रेझिस्टर लावण्याआधी मल्टिमीटर मागते.